पुढच्या सीटवर भासरे

काल संध्याकाळी आशाबाई सपरीच्या, म्हणजे ओसरीच्या, चौकटीत पाण्याचा तांब्या घेऊन उभ्या होत्या आणि काहीच बोलल्या नाहीत. सगळा घोळ तिथंच झाला.

बोलणार तरी कशा? मांगलीच्या नवघड्यांकडे सून भासऱ्यासमोर तोंड उघडत नाही. नवऱ्याचा मोठा भाऊ तो भासरा. त्याच्यासमोर डोक्यावरचा पदर ढळू द्यायचा नाही, त्याच्या सावलीवर पाय द्यायचा नाही आणि त्याच्याशी अवाक्षर बोलायचं नाही. तोही बोलत नाही. आता एका घरात राहायचं, एका विहिरीचं पाणी प्यायचं आणि बोलायचं मात्र नाही, तर संसार चालायचा कसा? तर असा. नथ्थूभाऊ आत येण्याआधी मोठ्यानं खोकायचे आणि तुळशीकडे बघून म्हणायचे, "आज धान भरडायले न्यायचं आहे म्हणा." आशाबाई गोठ्यातल्या म्हशीला सांगायच्या, "पोते बांधून ठेवले म्हणा." म्हैस बिचारी दोघांचंही मुकाट्यानं ऐकून घ्यायची. फारच नाजूक काही असलं तर मधे रुखमाबाई होत्या, नथ्थूभाऊंची बायको, आशाबाईंची मोठी जाऊ. लग्न होऊन आल्यापासून हे असंच. नवरा वारला, लेक मोठी झाली, लेकीचं लग्न झालं, आशाबाईंचे केस पांढरे झाले, पण भासऱ्याशी एक वाक्य बोलायची वेळ काही आली नाही.

आणि काल नेमकी ती आली होती.

दिवाळी सरली, धान कापून त्याच्या भाऱ्यांचे पुंजणे लागले की झाडीपट्टीत गावोगाव मंडई भरते. ज्या गावची मंडई त्या गावात त्या दिवशी एकही घर रिकामं नसतं. लेकी येतात, जावई येतात, व्याही येतात, दुपारी दंडार नाचते आणि रात्री नाटक. मयुरीच्या लग्नानंतरची ही पहिलीच मंडई, म्हणून जावईबापू कुलदीप तिला फटफटीवर मागं बसवून पार मुलचेऱ्याहून आदल्या दिवशीच येऊन दाखल झाले होते. सपरीत पाहुणे बसलेले. कुणीतरी म्हटलं, "एवढ्या दुरून फटफटीवर आले जी जावईबापू?" झालं. नथ्थूभाऊंचा जीव कासावीस झाला. माणूस तसा दिलदार, पण चार लोक जमले की त्यांचा हात फार सैल सुटतो.

"काऊन फटफटीवर?" ते म्हणाले. "आपली छोटी गाडी देऊन टाकू ना त्याईले! घरात उभीच तर आहे."

मग त्यांना आठवलं की गाडी आपली नाही. त्यांनी चौकटीकडे बघून विचारलं, "काई म्हणणं नाई ना कोणाचं?" चौकटीत आशाबाई. पाच-पंचवीस डोळे त्यांच्याकडे. पदराच्या आत त्यांचं डोकं नाही-नाही म्हणून हललं, पण पदराच्या आतलं कुणाला दिसतं? तोंडातून शब्द फुटला नाही.

"नाई ना? मंग ठरलं!" म्हणून नथ्थूभाऊंनी फोन काढला आणि मुलचेऱ्याला कुलदीपच्या बापाला, भैयाजींना, तिथल्या तिथं सांगूनही टाकलं.

ती गाडी म्हणजे पांढरी आल्टो. आधीच्या मालकाकडून उतरलेली, पण इंजिन ठणठणीत. आशाबाईंनी ती स्वतःच्या कमाईतून घेतली होती. त्यांचं कटलरीचं दुकान आहे. म्हणजे बाजारात ताडपत्री अंथरायची आणि तिच्यावर बांगड्या, टिकल्या, रिबिनी, पिना मांडायच्या. आज तळोधी, उद्या सिंदेवाही, परवा नागभीड. पूर्वी ही सगळी बोचकी डोक्यावर घेऊन त्या फाट्यावर एसटीची वाट बघत उभ्या राहायच्या. एसटी आली तर आली. आली तरी कंडक्टर म्हणणार, सामान टपावर टाका. आणि टपावरून खाली उतरेपर्यंत बांगड्यांचा चुरा. मग एका हिवाळ्यात पुतण्या प्रणितनं, नथ्थूभाऊंच्याच पोरानं, काकूला धान कापून रिकाम्या झालेल्या बांधीत गाडी शिकवली. त्यानंच सांगितलं की हे जपानी लोकांचं डोकं आहे. तिकडेही धानाचीच शेती, तिकडच्या वाटाही धुऱ्याएवढ्याच, म्हणजे शेताच्या बांधाएवढ्याच, म्हणून त्यांनी गाडीच बारीक केली आणि खेड्यातल्या बायाबापड्या तिच्यात बसून रोजचा बाजारहाट करतात. आशाबाईंना हे फार म्हणजे फार पटलं. जपानातल्या बायांबद्दल तेव्हापासून त्यांच्या मनात चुलत जावेइतकी माया आहे. गावानंही गाडीचं नाव जपानी ठेवून टाकलं. जपानी आली का, जपानी गेली का, असं विचारत लोक दिवसाचा अंदाज घेतात. आणि अशा गाडीला भासरे म्हणाले, घरात उभी आहे!

मंडईच्या सकाळी स्वयंपाकघरात तेल तापलं होतं. आशाबाई सांबार चिरत होत्या. आमच्याकडे कोथिंबिरीला सांबार म्हणतात, हे पुण्याकडच्या पाहुण्यांना दर वेळी नव्यानं सांगावं लागतं. सांबारवड्यांचा ढीग करायचा होता आणि आशाबाईंचा विळा जरा जास्तच जोरात चालला होता.

"बाई," त्या म्हणाल्या, "गाडीचं त्याईले सांगा."

"काय सांगू व?" रुखमाबाई कढईपाशी होत्या.

"नाई देत म्हणून सांगा."

झारा हवेतच थांबला. "आता? काल काऊन नाई बोलली?"

"मी कवा बोलली त्याईच्या समोर?"

"मंग डोकं तरी हालवायचं, माय!"

"हालवलं ना. पदरात राह्यलं ते."

रुखमाबाईंनी कपाळावर हात मारला, पदर खोचला आणि सपरीत गेल्या. आशाबाई कान देऊन बसल्या. बाहेर हसण्याचा गलका. जरा वेळानं रुखमाबाई परत आल्या आणि वड्या उलटू लागल्या.

"सांगतलं?"

"हाव."

"काय म्हणले?"

"काई नाई म्हणले."

"बाई, माह्याकडे पाहून सांगा."

रुखमाबाईंनी पाहिलं आणि त्यांना हसूच आलं, रडूही आलं. "कसं सांगू व आशा? एवढे पाहुणे बसून आहेत. कवा नाई ते त्याईचं तोंड फुलून राह्यलं. मी गेली, म्हटलं, सुपारी पायजे का जी? आणि आली परत."

तीस वर्षं ही बाई निरोप वाहते आहे. आशाबाईंना त्या क्षणी पहिल्यांदा कळलं की आपण सांगितलेल्यातलं अर्धंच पलीकडे पोचत असणार. कडू तेवढं रुखमाबाई वाटेत स्वतःच गिळत असणार. घरात इतकी वर्षं शांतता कशी राहिली याचा उलगडा झाला, पण राग आला तो आलाच.

तेवढ्यात मयुरी आत आली. नवी साडी, हातात आईच्याच दुकानातल्या हिरव्या बांगड्या. "आई, तू अजून तेच धरून बसली आहेस का?"

"तुले पायजे काय व ते गाडी?"

"पाहिजे म्हणजे काय..." मयुरी वडीचा तुकडा मोडत म्हणाली. "यंदाच्या पावसाळ्यात किती वेळा मी फटफटीवर मागं प्लास्टिक पांघरून बसले, तुला माहीत आहे? सासूबाई बोलत नाहीत, पण बघतात. आणि आता मोठ्या बाबांनी सगळ्यांसमोर म्हटलंच आहे तर..."

"आणि मी कशानं जाऊ बाजाराले?"

"पहिले जायचीस तशी. एसटीनं."

मयुरी हे अगदी सहज बोलली आणि वडी खात बाहेर गेली. आशाबाईंना फार लागलं. परक्यानं म्हटलं असतं तर त्यांनी झाडून काढलं असतं. हे पोटच्या पोरीनं म्हटलं. क्षणभर मन म्हणालं, देऊन टाक बाई, लेकीचंच सुख आहे. लगेच तेच मन म्हणालं, का म्हणून? फाट्यावरचं ते उभं राहणं, बोचक्याखाली आखडलेली मान, संध्याकाळी एसटी चुकली की ओळखीच्या ट्रॅक्टरला हात दाखवणं, हे तिनं पाहिलं नाही का? हिचं कॉलेज कशावर झालं? आशाबाईंना आपल्याच लेकीचा राग येत होता आणि त्या रागाची लाजही वाटत होती. हातातला सांबार मात्र मसाला वाटल्यासारखा बारीक झाला होता.

दुपारी भैयाजींचा फोन आला. बल्लारशाहून आगगाडीत बसलो, नागभीडला उतरतो आहे.

व्याही पहिल्या मंडईला येतो तेव्हा घरच्या मोठ्यानं स्वतः सामोरं जावं लागतं, नारळ-टॉवेल घेऊन. त्यासाठी प्रणितनं आपली मोठी काळी गाडी सकाळीच धुऊन दारात उभी केली होती. पण मंडईच्या गर्दीत आकाशपाळणेवाल्यानं आपला पाळणा थेट गाडीच्या तोंडाशी रोवला होता. चार मोठे खुंट जमिनीत, वर पोरंटोरं किंचाळत गोल फिरत होती आणि पाळण्याच्या मागं काळी गाडी अडकलेली. पाळणेवाला म्हणाला, "आता रातच्यालेच निघन जी हे."

राहिली जपानी. ती मागं खळ्यात पुंजण्याच्या आडोशाला होती आणि तिथून शेतामधल्या पांदणीनं थेट डांबरी रस्त्याला निघता येत होतं.

"प्रणित, तू चाल," नथ्थूभाऊ म्हणाले.

प्रणित उभा राहिला आणि सगळे हसायला लागले. दंडारीत बाईचं सोंग दरवर्षी त्याचंच असतं. त्याच्या अंगात जांभळं लुगडं, गालाला लाली, कोपरापर्यंत काकूच्या बांगड्या. "मी येतो, पण मले पाहून भैयाजी आल्या गाडीनं परत जातीन."

"मंग जावईबापू!" नथ्थूभाऊंनी कुलदीपच्या पाठीवर थाप मारली. "तुमचीच तर आहे आता. चालवा!"

कुलदीपचा चेहरा उतरला. "मी? हाव, चालवतो ना. पण मले इकडचा रस्ता माहीत नाई, मामाजी."

"रस्ता काय, पांदणीनं नाकासमोर."

"आणि चष्मा..." कुलदीप म्हणाला, "चष्मा मुलचेऱ्याले राह्यला माझा."

मयुरीनं चमकून नवऱ्याकडे पाहिलं. ह्यांना चष्मा आहे ही गोष्ट तिला आजच समजत होती.

सगळे एकमेकांकडे बघू लागले आणि मग हळूहळू सगळ्यांच्या नजरा स्वयंपाकघराच्या दाराकडे वळल्या. रुखमाबाईंनी तोंडाला पदर लावला. आगगाडी काही थांबणार नव्हती आणि व्याह्याला स्टेशनावर ताटकळत ठेवणं म्हणजे पिढ्यान्पिढ्यांचं बोलणं. नथ्थूभाऊंनी तुळशीकडे पाहिलं, खोकले आणि म्हणाले, "नागभीडले जाऊन यावं लागन म्हणा."

आशाबाईंनी हात धुतले आणि खुंटीवरची किल्ली घेतली.

खळ्यात नथ्थूभाऊंनी आधी मागचं दार उघडलं. मागची सीट आशाबाईंनी कायमची दुमडून ठेवलेली. तिथं छतापर्यंत बोचकी. त्या पुढं बसल्या होत्या. त्यांनी स्टिअरिंगला सांगितलं, "मागं जागा नाई म्हणा."

तेव्हा नाइलाजानं नथ्थूभाऊ पुढं बसले. उंचापुरा माणूस, धोतर, टोपी, मांडीवर नारळ आणि नवा टॉवेल. गुडघे समोरच्या डब्याला टेकले. खांदा आशाबाईंकडे जाऊ नये म्हणून ते दाराला असे चिकटले की दार उघडलं असतं तर बाहेरच पडते. जपानी लोकांनी ही गाडी बनवताना बाकी सगळ्याचा विचार केला असेल, पण भासऱ्याचा केला नव्हता, एवढं खरं. आशाबाई गिअर टाकायला हात खाली नेत आणि नथ्थूभाऊ दचकून गुडघा आवरून घेत. पहिला, दुसरा, तिसरा. प्रत्येक गिअरला भासरे आणखी थोडे आक्रसत.

पांदण लागली. दोन्हीकडे पुंजणे, मधे जेमतेम गाडीपुरती वाट.

"समोर बैलबंडी आहे म्हणा," नथ्थूभाऊंनी नारळाला सांगितलं.

"दिसली म्हणा," आशाबाईंनी स्टिअरिंगला सांगितलं.

"डाव्या अंगानं घ्यावं म्हणा."

"डाव्या अंगाले नाला आहे म्हणा."

नथ्थूभाऊंनी डावीकडे पाहिलं. नाला होता.

डांबरी रस्त्याला लागताच गुणाबाईनं हात दाखवून गाडी थांबवली. रोजच थांबवते, तिची भाजीची पाटी जपानीतूनच बाजाराला जाते. तिनं सवयीनं दार उघडलं, "आशाबाई, उद्या तळोधीले..." आणि समोर नथ्थूभाऊ! "अगं माय!" म्हणून तिनं डोक्यावर पदर ओढला, दार धाडकन लावलं आणि जी पळाली ती मागं वळून पाहिलं नाही. पुढं शाळेपाशी दोघीतिघींनी हाका मारल्या, कुणी बांगड्यांचं माप सांगितलं, कुणी उद्या दवाखान्यात सोडता का विचारलं, आणि आत कोण बसलंय ते दिसताच सगळ्या जागच्या जागी चूप. नथ्थूभाऊ नारळावरून हात फिरवत होते.

रेल्वे फाटक बंद होतं. आशाबाईंनी इंजिन बंद केलं.

आता खरी पंचाईत झाली. चालत्या गाडीत निदान रस्ता होता बघायला. इथं समोर लाल-पांढरा दांडा आणि बाजूला भासरे. बोलायला ना तुळस, ना म्हैस, ना रुखमाबाई. नथ्थूभाऊ दोनदा खोकले. आशाबाईंनी स्टिअरिंग दोन्ही हातांनी घट्ट धरलं. त्यांना स्पष्ट कळत होतं की आत्ता बोललो नाही तर घरी गेल्यावर टिळा लागेल, नारळ फुटेल आणि किल्ली कुलदीपच्या हातात जाईल. मग आयुष्यभर म्हशीला सांगत बसावं लागेल.

"भाऊजी."

नथ्थूभाऊंनी मान वळवून मागं बोचक्यांकडे पाहिलं. तिथं कुणी नव्हतं.

"तुमालेच म्हणतो, भाऊजी. गाडी नाई देत मी."

आणि नेमकी मालगाडी आली. कोळशाचे डबे धडाडधडाड करत जाऊ लागले, संपता संपेनात. जपानी थरथरत होती, मागं बांगड्या किणकिणत होत्या. आशाबाईंना वाटलं, आता हे म्हणणार, ऐकूच आलं नाही. पुन्हा बोलायचं धाडस होईल का? होईल, त्यांनी मनाशी ठरवलं. पुन्हा बोलीन, दहादा बोलीन.

शेवटचा डबा गेला.

"आयकलं म्हणा," नथ्थूभाऊ नारळाला म्हणाले. मग त्यांचं त्यांनाच ते विचित्र वाटलं असावं. नारळ बाजूला सरकवून ते म्हणाले, "आयकलं मी. मंग काल काऊन नाई बोलल्या?"

"तुमी कवा मले इचारलं? चौकटीले इचारलं तुमी. चौकट काय बोलन?"

"गप्प राह्यल्या तुमी. माणूस गप्प राह्यला म्हणजे हाव समजते."

"जिले बोलाचीच मनाई आहे तिचं गप्प राहणं हाव कसं होते, भाऊजी?"

नथ्थूभाऊंनी टोपी काढली, झटकली, पुन्हा घातली.

"घरात उभी आहे म्हणले तुमी," आशाबाई म्हणाल्या. आता बांध फुटलाच होता. "एक दिवस उभी नाई राहत हे. हे मिळाली तवापासून मी कोणाच्या ट्रॅक्टरले हात नाई दाखवला. हे गेली तर पुन्हा फाट्यावर उभी राहीन. राहता येते मले, राह्यली आहो. पण आता मले नाई राहाचं."

"मी भैयाजीले शब्द देऊन बसलो, बाई."

"ते तुमचं तुमी पाहा."

हे जरा जास्तच झालं, असं आशाबाईंना बोलता बोलताच वाटलं. पण परत घेतलं नाही. फाटक वर गेलं, मागून कुणीतरी भोंगा वाजवला. "गाडी चालू करा," नथ्थूभाऊ म्हणाले. स्टेशनाच्या वळणावर आशाबाईंच्या लक्षात आलं की ते नारळाला नाही, आपल्याला म्हणाले होते.

भैयाजी स्टेशनाबाहेर दोन पिशव्या आणि भल्यामोठ्या मिशा घेऊन उभे होते. नथ्थूभाऊंनी टॉवेल खांद्यावर टाकला, नारळ दिला, पुढची सीट दिली आणि स्वतः बोचकी सरकवून मागं कसेबसे घुसले. भासऱ्याशी बोलायचं नाही पण व्याह्या-विहिणीनं थट्टा करायची, असाही रिवाज आहेच, आणि भैयाजी रिवाजाचे पक्के.

"विहीणबाई, रस्त्यानं नेता का आमाले, का धुऱ्यानं?"

"नीट बसाल तर रस्त्यानं."

"नीटच बसलो आहो. आता हे आमचीच गाडी झाली म्हणते ना! आपल्याच गाडीत बसाले कोण भेते?" भैयाजी गडगडून हसले.

आशाबाईंचं हसू विरलं. त्यांनी वरच्या आरशात पाहिलं. रिबिनींच्या गठ्ठ्यांमधून नथ्थूभाऊंचं तोंड दिसत होतं, डोळे मिटलेले. आता बोलतील, मग बोलतील, म्हणून आशाबाई वाट पाहत राहिल्या. फाटक गेलं, शाळा गेली, पांदण आली. नथ्थूभाऊ अवाक्षर बोलले नाहीत. झालं तर, आशाबाईंनी मनात म्हटलं. त्यांचंही गप्प राहणं म्हणजे काय ते समजायचं.

घरी अंगण भरलेलं होतं. नथ्थूभाऊ गाडीतून उतरले तेव्हा टिकल्यांचं एक पाकीट त्यांच्या पाठीखाली फुटलेलं होतं आणि धोतरभर लाल, हिरव्या, चंदेरी टिकल्या चमकत होत्या. हसायची कुणाची छाती झाली नाही. पाय धुणं झालं, टिळा झाला. आशाबाई स्वयंपाकघरात जाऊन उभ्या राहिल्या, किल्ली मुठीत गच्च.

बाहेरून हाक आली. आधी खोकला नाही, काही नाही. "आशाबाई!"

या घरात त्यांचं नाव त्या आवाजात कुणी ऐकलं नव्हतं. रुखमाबाई सवयीनं धावत बाहेर गेल्या. "सांगतो तिले, काय सांगू जी?"

"तू नोको सांगू. त्याईलेच येऊ दे."

आशाबाई बाहेर आल्या. सपरी तीच, चौकट तीच, डोळे कालच्यापेक्षा जास्तच. नथ्थूभाऊ त्यांच्याकडे बघत होते. तुळशीकडे नाही, भिंतीकडे नाही.

"काल मी चौकटीले इचारलं," ते सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले. "आता तुमाले इचारतो. गाडी जावईबापूले द्यायची का?"

गाडीत बोलणं सोपं होतं. तिथं स्टिअरिंग होतं धरायला. इथं हात कुठं ठेवावेत ते आशाबाईंना कळेना. समोर मयुरी उभी होती, डोळे मोठे करून. आशाबाईंनी डोक्यावरचा पदर सारखा केला, मागं सारून, तोंड सगळ्यांना दिसेल असा.

"नाई, भाऊजी. गाडी माझी आहे. मी नाई देत."

नथ्थूभाऊ भैयाजींकडे वळले आणि त्यांनी हात जोडले. "भैयाजी, शब्द माझा होता, गाडी माझी नव्हती. चुकलं माझं."

भैयाजींची मिशी हलली. ते काही बोलणार तोच मागून कुणीतरी पोटातला सगळा श्वास सोडला.

"लय बरं झालं जी!" कुलदीप होता. "मले गाडी चालवताच येत नाई. काल रातभर झोप नाई लागली मले!"

"म्हणून चष्मा!" मयुरी ओरडली.

"मंग काल बोलला काऊन नाई बे?" भैयाजी गरजले.

"जावयानं असं कसं सांगायचं, बाबा? मान देऊन राह्यले होते ते."

आणि मग हसू फुटलं ते फुटलंच. लुगड्यातला प्रणित खांबाला धरून हसत होता, भैयाजींच्या मिशा थरथरत होत्या, नथ्थूभाऊ हसले तशा त्यांच्या धोतरावरच्या टिकल्या झडू लागल्या. मयुरी आईजवळ आली. "आई, सकाळी माझ्या तोंडून भलतंच निघालं."

"निघालं खरं," आशाबाई म्हणाल्या. जाऊ दे, असं त्या म्हणाल्या नाहीत. पण लेकीचा हात त्यांनी सोडलाही नाही. "शिकते का चालवाले? नवऱ्याच्या आधी शीक."

मयुरी रडत रडत हसली आणि हो म्हणाली.

रुखमाबाई मात्र चुलीपाशी येऊन धपकन बसल्या. "घ्या! आता मले कोण इचारन या घरात?" त्या डोळे पुसत म्हणाल्या, पण पाय लांब पसरून बसल्या होत्या, कधी नव्हे इतक्या निवांत.

आशाबाईंनी व्याह्यांसाठी चहा ठेवला. आधण उकळलं, पत्ती पडली, आणि सपरीतून नथ्थूभाऊंचा आवाज आला, सरळ, चुलीपर्यंत पोचणारा.

"आशाबाई, माह्या च्यात साखर कमी टाका!"

स्वयंपाकघरातल्या सगळ्या बाया थांबल्या. रुखमाबाईंनी तोंड उघडलं आणि परत मिटलं. आशाबाईंनी पातेल्यात पाहिलं, चमचा फिरवला आणि तितक्याच मोठ्यानं म्हणाल्या,

"टाकून झाली, भाऊजी. आज तशीच प्या."